पडदा, डोळा आणि फीत

सोनी या जपानी कंपनीची जगातली ओळख तीन वस्तूंनी घडवली: रेकॉर्डर, टीव्ही आणि कॅमेरा. यांत वयाने रेकॉर्डर थोरला. मासारु इबुका आणि अकिओ मोरिता यांनी १९४६ मध्ये ‘तोक्यो त्सुशिन कोग्यो’ या नावाने कंपनी काढली, १९५० मध्ये जपानमधला पहिला टेपरेकॉर्डर बाजारात आणला आणि १९५८ मध्ये सोनी हे नाव घेतले. १९६० मध्ये ट्रान्झिस्टरवर चालणारा छोटा टीव्ही, १९६८ मध्ये ट्रिनिट्रॉन हा रंगीत टीव्ही, १९७५ मध्ये बीटामॅक्स हा व्हिडिओ रेकॉर्डर आणि १९८० च्या दशकात हँडीकॅम हा कॅमकॉर्डर, अशी पुढची वाटचाल. तिन्ही धंद्यांना पैसा एकाच तिजोरीतून मिळाला. नशीब मात्र तिघांचे वेगळे निघाले. रेकॉर्डर जवळपास अस्तंगत झाला. टीव्हीचा बहुमताचा वाटा दुसऱ्या कंपनीकडे सोपवण्याचा इरादा जाहीर झाला आहे. कॅमेरा तगला, किंबहुना जोमात आहे. असे का झाले याबद्दल दोन मते आहेत. एक मत, पुरस्कर्त्याचे, वस्तूवर विश्वास ठेवते; दुसरे, साशंकाचे, वस्तूच्या आत दडलेल्या एखाद्याच भागावर.

साशंक: टीव्हीपासून सुरुवात करणे सोयीचे, कारण तिथे कार्यकारणभाव उघड दिसतो. १९६० च्या दशकात रंगीत टीव्ही म्हणजे अमेरिकेच्या आरसीए कंपनीची शॅडो मास्क पद्धत. ट्यूबच्या मानेत तीन इलेक्ट्रॉन गन, पडद्याच्या काचेमागे बारीक भोकांचा पत्रा. बहुतेक इलेक्ट्रॉन त्या पत्र्यावरच आपटून वाया जात आणि चित्र फिके दिसे. सोनीने एकाच गनमधून तीन झोत सोडले आणि भोकांच्या पत्र्याऐवजी उभ्या ताणलेल्या पट्ट्यांची जाळी बसवली. चित्र उजळले, पडद्याचा उभा बाक गेला. हा ट्रिनिट्रॉन. १९७३ मध्ये त्याला एमी पुरस्कार मिळाला आणि पुढची पंचवीस-तीस वर्षे गिऱ्हाईक त्याच्यासाठी चार पैसे जास्त मोजत राहिले. पण हे जास्तीचे पैसे पेटीला नव्हते, ट्यूनरला नव्हते, स्पीकरलाही नव्हते. ते ट्यूबचे होते. ट्यूबचे दिवस सरले आणि सपाट पॅनेल आले, तेव्हा सोनीकडे स्वतःचे म्हणावे असे मोठे एलसीडी पॅनेल नव्हते. परिणाम ताळेबंदात उमटला. २००४-०५ पासून लागोपाठ दहा आर्थिक वर्षे सोनीचा टीव्ही धंदा तोट्यात चालला. नाव तेच, दुकाने तीच, इंजिनिअरही बरेचसे तेच. गेली होती ती फक्त ट्यूब. म्हणून असे म्हणावे लागते की सोनी टीव्ही विकत नव्हती, टीव्हीच्या पेटीत घालून ट्रिनिट्रॉन विकत होती.

पुरस्कर्ता: या मांडणीत ट्रिनिट्रॉन जणू आकाशातून पडला. प्रत्यक्षात त्याच्याआधी क्रोमॅट्रॉन नावाचे एक महागडे अपयश आहे. अमेरिकी भौतिकशास्त्रज्ञ अर्नेस्ट लॉरेन्स यांच्या कल्पनेवर आधारलेल्या या ट्यूबचा परवाना सोनीने १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला घेतला. प्रयोगशाळेत चित्र सुंदर येई, कारखान्यात मात्र धड ट्यूब निघत नसत. तरीही संच बाजारात आणले. किंमत १ लाख ९८ हजार येन, आणि एक संच बनवायला येणारा खर्च त्याच्या दुपटीहून जास्त. विकलेल्या प्रत्येक संचामागे तोटा. नुसते ट्यूबचे संशोधन करणारी संस्था असती तर एवढ्यावर प्रकल्प गुंडाळला गेला असता. सोनीला ते जमणार नव्हते, कारण दुकानदार रंगीत टीव्ही मागत होते आणि शॅडो मास्क वापरायचा नाही, असा इबुकांचा हट्ट होता. त्यांनी प्रकल्प स्वतःच्या हाती घेतला आणि त्या कोंडीतून ट्रिनिट्रॉन निघाला. भाग पेटीला पोसतो हे खरे. पण भाग जन्माला यायला पेटीचीच निकड लागते.

दुसरा मुद्दा जास्त अडचणीचा आहे. पॅनेल नव्हते म्हणून तोटा, हे कारण तपासून पाहता टिकत नाही. २००४ मध्ये सोनीने सॅमसंगबरोबर एस-एलसीडी ही संयुक्त कंपनी काढली. दक्षिण कोरियातल्या त्या कारखान्यात सोनीचा वाटा जवळजवळ निम्मा होता आणि सोनीच्या टीव्हींना ब्राव्हिया हे नाव त्यानंतर, २००५ मध्ये आले. म्हणजे तोट्याच्या दहा वर्षांपैकी बहुतेक वर्षे सोनी पॅनेलच्या कारखान्याची सहमालक होती. डिसेंबर २०११ मध्ये तो वाटा सॅमसंगला विकायचे ठरले. त्यानंतर पॅनेल संपूर्णपणे बाहेरून घेत असताना, २०१४-१५ मध्ये, टीव्ही धंदा अकरा वर्षांत प्रथमच नफ्यात आला. भाग हाती असताना तोटा आणि भाग सोडल्यावर नफा! सिद्धान्ताच्या नेमके उलट घडले.

साशंक: आक्षेप योग्य आहे आणि त्यामुळे सिद्धान्त दुरुस्त करावा लागतो, सोडावा लागत नाही. मालकी असून भागत नाही, दुर्मीळपणाही लागतो. ट्रिनिट्रॉन पेटंटांमुळे इतरांना करता येत नव्हता. १९९० च्या दशकात त्या मूळ पेटंटांची मुदत संपली तेव्हा इतरांनीही तशा ट्यूब काढल्याच. एस-एलसीडीचे पॅनेल पहिल्या दिवसापासून दुर्मीळ नव्हते. त्याच कारखान्यातला अर्ध्याहून किंचित जास्त वाटा सर्वांत मोठ्या प्रतिस्पर्ध्याचा होता, आणि कोरिया, तैवान, जपान, पुढे चीन अशा सगळीकडे असे कारखाने उभे राहत होते. दरवर्षी भाव पडणाऱ्या मालाच्या कारखान्यात पैसा अडकवणे ही सोनीची चूक. ती विकून टाकणे हे शहाणपण.

२०१४-१५ च्या नफ्यालाही फार मोठे समजू नये. तो आकसून मिळवलेला नफा आहे. एके काळी वर्षाला ४ कोटी संच विकण्याचे उद्दिष्ट होते. नोव्हेंबर २०११ मध्ये ते निम्म्यावर आणले आणि प्रत्यक्ष विक्री त्याच्याही खाली गेली. जुलै २०१४ मध्ये टीव्ही विभाग वेगळी कंपनी म्हणून बाजूला काढला. संच जुळवण्याचे कामही अनेक ठिकाणी दुसऱ्यांकडे गेले. भारताचेच उदाहरण पुरेसे आहे. सोनीचा हरियाणात धारुहेरा येथे स्वतःचा कारखाना होता. थायलंडहून संच आणणे स्वस्त पडू लागल्यावर तो बंद झाला. २०१५ मध्ये भारतात पुन्हा ब्राव्हिया बनू लागला तो तमिळनाडूत, फॉक्सकॉन समूहाच्या कारखान्यात. पॅनेल एकाचे, जुळणी दुसऱ्याची, सॉफ्टवेअरचा पाया गुगलचा. यात टीव्ही बनवणारी कंपनी म्हणून नेमके काय उरते?

पुरस्कर्ता: चित्र उरते. पॅनेल म्हणजे चित्र नव्हे. पॅनेलवर कोणत्या ठिकाणी किती उजेड, सावलीतला तपशील किती राखायचा, त्वचेचा रंग कुठवर खरा ठेवायचा, हलत्या दृश्यातला धक्का कसा मोडायचा, हे सगळे प्रोसेसर ठरवतो. प्रोसेसरला काय शिकवायचे, हे माणसे ठरवतात. स्टुडिओत चित्रपटाचे रंग पक्के करताना ज्या मॉनिटरवर भिस्त ठेवली जाते, त्यांत सोनीच्या मॉनिटरांचे स्थान जुने आहे. ते ज्ञान घरच्या संचात उतरते. २०१७ च्या ए१ई या ओएलईडी टीव्हीचे पॅनेल एलजी डिस्प्लेचे होते. पण पडद्यालाच कंप देऊन त्यातूनच आवाज काढण्याची रचना सोनीची. २०२२ मध्ये ए९५के आला, त्याचे क्यूडी-ओएलईडी पॅनेल सॅमसंग डिस्प्लेचे. प्रतिस्पर्ध्याचेच पॅनेल वापरून त्याच्या तोडीचे, कित्येक परीक्षकांच्या मते सरस, चित्र दाखवणे शक्य झाले. दुर्मीळ भागाची भाषाच वापरायची तर इथे दुर्मीळ भाग म्हणजे नजर आहे.

साशंक: नजरेचा भाव बाजारात किती, हेही आता कळू लागले आहे. जानेवारी २०२६ मध्ये सोनीने चीनच्या टीसीएलबरोबर सामंजस्य करार जाहीर केला. घरगुती टीव्ही आणि ध्वनियंत्रणांचा धंदा एका नव्या संयुक्त कंपनीकडे द्यायचा. तिच्यात टीसीएल ५१ टक्के, सोनी ४९ टक्के. काम एप्रिल २०२७ मध्ये सुरू करण्याचा बेत. सोनी आणि ब्राव्हिया ही नावे चालू राहणार, तंत्र सोनीचे, आणि मोठ्या प्रमाणावर उत्पादन करण्याची ताकद व पॅनेलचा पुरवठा टीसीएलकडून. सौदा ठरवणारी नजर असती तर ५१ टक्के नजरवाल्याला मिळाले असते. इथे बहुमत कारखानावाल्याचे आहे.

पुरस्कर्ता: या सौद्याचे समर्थन पूर्णपणे करता येत नाही. तरी ४९ टक्के हे शून्य नव्हेत. टीसीएलला पॅनेल होते, कारखाने होते, भांडवल होते. तिला हवे होते ते सोनीचे चित्र आणि नाव. ते तिला पैसे टाकून प्रयोगशाळेत लगेच तयार करता आले नाही, म्हणून सौदा झाला. दहा वर्षांनी त्या संचांवरचे चित्र टीसीएलच्या इतर संचांपेक्षा वेगळे दिसले तर नजर खरी. नाही दिसले तर ती होती असे म्हणता येणार नाही.

साशंक: तोवर रेकॉर्डरकडे वळावे. तिथे तर नजरेचाही आधार मिळत नाही. १९५० च्या यंत्राची गोष्ट मोठ्या कौतुकाने सांगितली जाते. फीत जपानमध्ये मिळत नव्हती, म्हणून नोबुतोशी किहारा आणि सहकाऱ्यांनी रसायन तव्यावर भाजून लोहाचा ऑक्साइड तयार केला आणि तो ब्रशने कागदाच्या पट्ट्यांवर लावला. गोष्ट सुरेख आहे. पण रेकॉर्डरच्या धंद्याचे मर्म फितीत नाही, सहमतीत आहे. एकाने मुद्रित केलेले दुसऱ्याच्या यंत्रावर चालले पाहिजे, म्हणून इतर कंपन्या, चित्रपट स्टुडिओ, कॅसेट भाड्याने देणारे दुकानदार या सगळ्यांना एका पद्धतीवर आणावे लागते. आणि सोनीला ते जमले नाही. बीटामॅक्स १९७५ मध्ये आला, जेव्हीसीचे व्हीएचएस १९७६ मध्ये. बीटामॅक्सची कॅसेट सुरुवातीला एक तासाची होती, व्हीएचएसची दोन तासांची. एका तासात चित्रपट मावत नाही. जेव्हीसीने आपली पद्धत इतरांना सढळ हाताने वापरू दिली, मात्सुशिता ही बडी जपानी कंपनी तिच्या बाजूला गेली, अमेरिकेत आरसीएने तिलाच उचलले. १९८८ मध्ये सोनीने स्वतःच व्हीएचएस यंत्रे बनवायला घेतली. चित्राचा दर्जा बीटामॅक्सचा बरा होता असे चाहते सांगत राहिले, पण कॅसेट भाड्याने आणून रात्रभर सिनेमे पाहणाऱ्या घराला तो फरक नको होता, शेवटचे रीळ हवे होते.

पुरस्कर्ता: बीटामॅक्सचे मृत्युपत्र वाचताना त्याने काय मागे ठेवले तेही पाहावे. पहिली गोष्ट कायद्याची. घरी कार्यक्रम मुद्रित करणे म्हणजे चोरी, असे म्हणत युनिव्हर्सल आणि डिस्ने यांनी सोनीवर दावा लावला. १९८४ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ५ विरुद्ध ४ मतांनी निकाल दिला की नंतर पाहण्यासाठी केलेले घरगुती मुद्रण हे न्याय्य वापरात बसते आणि यंत्र विकणारा दोषी ठरत नाही. पुढे आलेल्या प्रत्येक रेकॉर्डरने या निकालाच्या आधाराने व्यवसाय केला, व्हीएचएसने तर सर्वांत जास्त. दुसरी गोष्ट बीटाकॅम. १९८२ मध्ये आलेल्या या व्यावसायिक पद्धतीने कॅमेरा आणि रेकॉर्डर एका खांद्यावर आणले. फितीची रुंदी तीच अर्धा इंच आणि कॅसेटचे कवचही बीटामॅक्सचेच. मुद्रणाची रीत मात्र वेगळी. घरात हरलेली कॅसेट वृत्तकक्षात जिंकली. मुंबईतल्या मालिकांच्या निर्मात्यांनी आणि संकलकांनी ‘बीटा’ म्हणून वर्षानुवर्षे जी हाताळली ती हीच. म्हणजे रेकॉर्डर बनवण्याचे कसब वाया गेले नाही, त्याने गिऱ्हाईक बदलले.

साशंक: आणि मग घरातली लढाई एकदा जिंकलीही. तिचा हिशेब मांडला तर तो हरलेल्या लढाईपेक्षा बोलका आहे. बीटामॅक्सच्या पराभवातून सोनीने धडा घेतला की यंत्र पुरत नाही, चित्रपट आणि गाणीही हाती हवीत. १९८८ मध्ये सीबीएस रेकॉर्ड्स आणि १९८९ मध्ये कोलंबिया पिक्चर्स विकत घेतले. (आज मराठी घरांत सोनी म्हटल्यावर आधी वाहिनी आठवते ती याच शाखेची पुढची पाने.) एप्रिल २००३ मध्ये सोनीने जगातला पहिला ब्लू-रे रेकॉर्डर जपानमध्ये विक्रीस काढला, किंमत साडेचार लाख येन. तोशिबाचे एचडी डीव्हीडी समोर होते. या वेळी इतर कंपन्या आधीपासून बरोबर घेतल्या होत्या, स्वतःचा स्टुडिओ होता, आणि २००६ च्या प्लेस्टेशन ३ मध्ये ब्लू-रे घालून तो लाखो घरांत नेला. फेब्रुवारी २००८ मध्ये तोशिबाने माघार घेतली. पण त्याच्या आदल्याच वर्षी नेटफ्लिक्सने इंटरनेटवरून चित्रपट दाखवायला सुरुवात केली होती. १९७५ मध्ये चूक झाली म्हणून पद्धत हरली. २००८ मध्ये सगळे बरोबर केले आणि पद्धतींची लढाईच निरर्थक ठरली. फेब्रुवारी २०२५ मध्ये सोनीने मुद्रण करता येणाऱ्या ब्लू-रे तबकड्या, मिनीडिस्क आणि मिनीडीव्ही कॅसेट यांचे उत्पादन थांबवले. चांगला रेकॉर्डर बनवण्याने यातले काय टळले असते?

पुरस्कर्ता: काहीच नाही. हे मान्य करावे. मुद्रण नावाची गोष्टच घरातून उठून दूरच्या सर्व्हरवर गेली. पण रेकॉर्डर पुरता मेला असे म्हणताना एक वंशावळ नजरेआड होते. सोनीचा कॅमेरा रेकॉर्डरच्या घरात वाढला आहे. ऑगस्ट १९८१ मध्ये दाखवलेला माविका पाहावा. त्याला छायाचित्रणाचा कॅमेरा म्हणतात, पण आत फिल्म नव्हती. दोन इंचांची चुंबकीय तबकडी होती आणि तिच्यावर पन्नास स्थिरचित्रे अॅनालॉग व्हिडिओच्या रीतीने मुद्रित होत. हा लेन्स लावलेला व्हिडिओ रेकॉर्डरच. तो नमुना म्हणूनच राहिला, विक्रीला आला नाही. पुढे १९९७ मध्ये डिजिटल माविका आला तो साध्या फ्लॉपीवर चित्रे साठवणारा, आणि चांगला खपला. मधल्या काळात १९८३ चा बीटामूव्ही, १९८५ चा ८ मिलिमीटरचा कॅमकॉर्डर, १९८९ चा पासपोर्टएवढा म्हणून जाहिरात केलेला ७९० ग्रॅमचा टीआर५५. या सगळ्यांत हेडचा फिरता ड्रम, फीत ओढणारी यंत्रणा, बॅटरी आणि लेन्स एका मुठीत बसवण्याचे काम होते. पुढे २००० च्या दशकात भारतभर, महाराष्ट्रातही, लग्नाच्या मांडवात आणि तालुक्याच्या वार्ताहराच्या हातात दिसणारा पीडी-१७० याच घराण्याचा.

या घराण्यालाच एक डोळा हवा होता. प्रकाशाचे विजेत रूपांतर करणारी सीसीडी ही सेन्सर चिप अमेरिकेच्या बेल लॅबमध्ये १९६९ मध्ये सुचली. सोनीत तिच्यामागे काझुओ इवामा लागले. १९७० च्या दशकात वर्षानुवर्षे पैसा ओतला, चांगल्या चिप निघत नव्हत्या. १९८० मध्ये सीसीडी कॅमेरे विमानात बसवले गेले, पण घराघरात खपणारी चिप अजून लांब होती. इवामा १९८२ मध्ये वारले. त्यांच्या थडग्यावर पुढे एक सीसीडी चिप बसवली गेली. या चिपला बाहेर गिऱ्हाईक नव्हते. गिऱ्हाईक होता सोनीचाच कॅमकॉर्डर. आज सोनीला जो भाग सर्वाधिक दुर्मीळ म्हणून मिरवता येतो, तो हँडीकॅमने पोसलेला आहे. तुमच्या सिद्धान्तात भाग आधी आणि पेटी नंतर. इथे क्रम उलटा आहे.

साशंक: जन्माचा क्रम उलटा असेल, हे मान्य. पण वाढीचे काय? चिप मोठी झाल्यावर घरात राहिली नाही. निकॉनने आपल्या कित्येक कॅमेऱ्यांत सोनीचा सेन्सर वापरला. २०१२ चा डी८०० हा त्यातला गाजलेला, ३६ मेगापिक्सेलचा. ॲपलचे प्रमुख टिम कुक यांनी डिसेंबर २०२२ मध्ये जपानमधल्या कुमामोतो इथल्या सोनीच्या कारखान्याला भेट दिली तेव्हा आयफोनसाठी दशकाहून जास्त काळ सोनीचे सेन्सर घेत असल्याचे उघडपणे सांगितले. आणि फोनमधल्या या डोळ्याने कोणाला मारले? खिशातल्या छोट्या कॅमेऱ्यांना, म्हणजे सोनीच्या सायबरशॉटलाही. जपानच्या कॅमेरा उत्पादकांच्या संघटनेच्या आकड्यांनुसार २०१० मध्ये जगभर १२ कोटींहून जास्त डिजिटल कॅमेरे रवाना झाले. २०२० मध्ये ९० लाखही नाहीत. सोनीने आपल्याच कॅमेऱ्याच्या मारेकऱ्याला हत्यार विकले आणि त्यातून कॅमेऱ्यापेक्षा जास्त कमावले. मग कॅमेरा हा धंदा आहे की सवय?

पुरस्कर्ता: त्या पडझडीत सगळे छोटे कॅमेरे गेले, सगळे कॅमेरे गेले नाहीत. सोनीने २००६ मध्ये कोनिका मिनोल्टाचा कॅमेरा धंदा घेतला, म्हणजे १९८५ च्या मिनोल्टा अल्फा ७००० पासून चालत आलेली लेन्सची परंपरा घेतली. आरशाच्या कॅमेऱ्यांत कॅनन-निकॉनपुढे तिचा निभाव लागेना. म्हणून २०१० मध्ये आरसा काढून टाकला, आणि २०१३ मध्ये अल्फा ७ मधून पूर्ण आकाराचा सेन्सर छोट्या आरसाविरहित कॅमेऱ्यात बसवला. त्या दोन मोठ्या कंपन्यांना याच आकारात उतरायला २०१८ उजाडले. पाच वर्षे मैदान मोकळे होते. ही पाच वर्षे नुसत्या चिपने मिळाली नाहीत, निकॉनकडेही सोनीची चिप होतीच. जुन्या लेन्सच्या गिऱ्हाइकांची भीड नसल्याने सोनीला हे करता आले. कॅनन आणि निकॉनला आपलाच आरसा फोडायला वेळ लागला. २०२० मध्ये असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेने आपल्या छायाचित्रकारांसाठी सोनीचे कॅमेरे घेतले. क्रीडांगणावरच्या या माणसांना सेन्सर विकत घेता येत नाही. त्यांना लेन्स, पक्ष्याच्या डोळ्यावर फोकस धरणारे सॉफ्टवेअर आणि दुरुस्तीचे टेबल लागते. पेटीला किंमत आहे ती इथे.

साशंक: इथपर्यंत एक गोष्ट दोन्ही बाजूंना मान्य दिसते. टीव्हीचा दुर्मीळ भाग हातून गेला, रेकॉर्डरचा दुर्मीळ भाग कधी हाती लागलाच नाही, आणि कॅमेऱ्याचा हाती आहे. वाद उरतो तो एवढाच की कॅमेरा विकणे बंद केले तर सेन्सर मागे पडेल का. याचा पुरावा असा पाहता येईल: नवा सेन्सर पहिल्यांदा कोणत्या वस्तूत गेला?

पुरस्कर्ता: कसोटी रास्त आहे. २००४ मध्ये, सीसीडीत जगात पुढे असताना, सोनीने सीमॉस या दुसऱ्या प्रकारच्या सेन्सरकडे वळायचे ठरवले. मागच्या बाजूने प्रकाश घेणारा सेन्सर तिने २००९ मध्ये बाजारात आणला तो हँडीकॅममध्ये. अंधाऱ्या खोलीतल्या वाढदिवसाचे चित्रण स्वच्छ दिसावे, ही त्या पेटीच्या गिऱ्हाइकाची तक्रार होती. तिथे उत्तर सापडले आणि मग ते फोनमध्ये गेले.

साशंक: आणि त्यानंतरचा टप्पा? प्रकाश घेणारा थर आणि हिशेब करणारा थर एकावर एक रचलेला सेन्सर २०१२ मध्ये जाहीर झाला तो फोनसाठी. सोनीच्या स्वतःच्या छोट्या कॅमेऱ्यात तो २०१५ मध्ये आला आणि पूर्ण आकारात २०१७ च्या अल्फा ९ मध्ये. २००९ मध्ये पेटी पुढे आणि फोन मागे होता. तीन वर्षांत क्रम फिरला. त्याला कारणही आहे. कोट्यवधी नग घेणारे गिऱ्हाईक नव्या यंत्रसामग्रीचा खर्च उचलते, काही लाख नगांचे गिऱ्हाईक उचलू शकत नाही.

पुरस्कर्ता: अल्फा ९ मध्ये तो सेन्सर उशिरा आला, पण वेगळ्या कामासाठी आला. सेकंदाला २० चित्रे, आणि दृश्य क्षणभरही न मिटता. फोनने ही मागणी केली नव्हती. नोव्हेंबर २०२३ मध्ये जाहीर झालेल्या अल्फा ९ III मध्ये सगळे पिक्सेल एकाच क्षणी वाचले जातात, त्यामुळे वेगाने फिरणारी बॅट किंवा पंख तिरका दिसत नाही. पूर्ण आकाराच्या अशा कॅमेऱ्यांत तो पहिला. फोनला आज त्याची गरज नाही. कारखान्यातल्या यंत्रमानवाला आणि स्वयंचलित गाडीला मात्र आहे. उद्याच्या गिऱ्हाइकाची अडचण आज बोलून दाखवणारे कोणी तरी घरात असावे लागते. क्रीडाछायाचित्रकार ते काम करतो, आणि त्याचे पैसेही देतो.

साशंक: अडचण बोलून दाखवायला गिऱ्हाईक घरातलेच हवे, हे सिद्ध झालेले नाही. कारखान्यांसाठीचे असे सेन्सर सोनी अल्फा ९ III च्या कितीतरी आधीपासून बाहेरच्यांना विकत होती. शिवाय घरही आता एक राहिलेले नाही. सेन्सरचा धंदा २०१६ पासून वेगळी कंपनी आहे, कॅमेरा २०२१ च्या फेररचनेपासून दुसऱ्या कंपनीत आहे, आणि समूहाच्या उलाढालीत सर्वांत मोठा वाटा व्हिडिओ गेमचा आहे. ज्या तर्काने टीव्हीचे ५१ टक्के दुसऱ्याला द्यायचे ठरले, तोच तर्क उद्या कॅमेऱ्याच्या दारात आला तर त्याला अडवायला कॅमेऱ्याकडे आकडा लागेल. सेन्सरच्या किती सुधारणा अल्फामुळे झाल्या, हे ताळेबंदात कुठेही लिहिलेले नसते.

पुरस्कर्ता: लिहिलेले नसते हे खरे. ट्रिनिट्रॉनच्या वेळीही नव्हते. क्रोमॅट्रॉनच्या प्रत्येक संचामागचा तोटा मात्र लिहिलेला होता, आणि त्यावर विसंबून निर्णय घेतला असता तर १९६८ उजाडलेच नसते. पण त्या वेळी निर्णय इबुकांच्या हातात होता, आणि आता संचालक मंडळापुढे शेअरबाजार बसलेला आहे. कॅमेरा टिकावा की नाही हा प्रश्न म्हणून बाजूला ठेवता येतो. खरा प्रश्न असा उरतो की ज्या खर्चाचे फळ दुसऱ्या खात्यात, दहा वर्षांनी जमा होते, तो खर्च आजच्या सोनीत कोणाच्या नावावर टाकला जाईल?

साशंक: सेन्सर कंपनीच्या नावावर टाकला गेला, तर कॅमेरा ही तिची प्रयोगशाळा ठरते आणि तिला नफ्याची अट लावता येत नाही. कॅमेऱ्याच्याच नावावर राहिला, तर त्याची तुलना टीव्हीशी होणार. सध्या तो कॅमेऱ्याच्या नावावर आहे.